कथेतल्या आभाळात एक जादूचा उजेड हवाय, पण वॉलपेपर नकोय

कुरडई

नमस्कार मंडळी, बऱ्याच दिवसांनी धागा काढतेय. गेले चार महिने एक कथा लिहितेय, कथा म्हणता म्हणता पसरत चाललीये. जग पूर्ण माझ्या मनातलं. वर उत्तरेला हिवरखंड नावाचं पठार, तिथे मेंढपाळ. खाली दक्षिणेला काळीखाडी नावाचं बंदर, तिथे कुंभारवाडा. मधे नुसतं माळरान आणि जंगल. नायिका सावनी, कुंभाराची पोर. एका रात्री तिला आभाळात एक उजेड दिसतो आणि तो कुठून येतो ते बघायला ती बैलगाडी जुंपून उत्तरेला निघते, आठ दिवसांचा प्रवास, पुढचं सांगत नाही.

अडलंय त्या उजेडापाशीच. मी लिहिलंय ते असं: "अचानक आकाश दिव्य तेजाने उजळून निघालं. हिरव्या, निळ्या, जांभळ्या रंगांची उधळण झाली. सावनी भान हरपून पाहतच राहिली."

हे भावाला वाचायला दिलं तर तो म्हणाला, ताई हा मोबाइलचा वॉलपेपर आहे. राग आला, पण रात्री परत वाचलं तर खरंच वॉलपेपर. उजेड जादूचाच राहू दे, पण वाचणाऱ्याला खरा वाटला पाहिजे. इथे कुणी अरोरा (ध्रुवांकडे रात्री आभाळात दिसतो तो रंगीत उजेड) प्रत्यक्ष पाहिलाय का? मी नाशिकच्या पुढे कुठे गेलेली नाही (म्हणजे गेलेय, पण आभाळ बघायला नाही).

तिरपा_कोन

भावाला माझा नमस्कार सांगा. "रंगांची उधळण" हा शब्द रंगपंचमी आणि निवडणुकीचा निकाल सोडून बाकी सगळीकडे बंद केला पाहिजे. "दिव्य तेज" पण. आणि भान हरपून बघण्याआधी ती पोरगी काय करत होती? कुंभाराची पोर आहे ना, रात्री माती तुडवत होती, मडकी मोजत होती की लघवीला उठली होती? ते आधी ठरवा, उजेड नंतर.

डाइस_पाडणारा

मी दर शनिवारी चुलतभावंडांना घेऊन डन्जन्स अँड ड्रॅगन्स (फासे टाकून मिळून गोष्ट रचायचा खेळ) चालवतो म्हणून अनुभवाचे बोल सांगतो, उजेडाला नियम पाहिजे. मी एकदा असाच आभाळातला प्रकाश टाकला होता गेममधे आणि नियम काय तर प्रकाश असेपर्यंत सगळ्यांची जादू दुप्पट. झालं, पोरं तीन शनिवार नुसती झाडाखाली झोपून राहिली, म्हणे प्रकाश आला की उठवा. राक्षस तिकडे गाव खातोय आणि हे घोरतायत. तेव्हा फायद्याबरोबर तोटा पण ठेवा काहीतरी.

मालवणी_मासो

तीन शनिवार झोपान रवले!! 😂 माका तुमच्या गेमात घेवा, मी चवथ्या शनिवारीय उठूचंय नाय.

दुर्बीणवाला

कुरडई, मी पुण्यात हौशी खगोल गटात आहे, वय झालं पण हौस गेली नाही. जादू तुझी, पण खरा अरोरा कसा चालतो ते ऐकून ठेव, त्यातूनच काहीतरी सापडेल.

सूर्याकडून विद्युतभारित कणांचा वारा सतत सुटलेला असतो. पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राशी त्याची झटापट होते आणि त्यातून वेग घेतलेले इलेक्ट्रॉन ध्रुवांजवळच्या वातावरणात घुसतात. तिथल्या अणूंना धक्का बसतो आणि ते उजेड देतात. साधारण १०० ते १५० किलोमीटर उंचीवर ऑक्सिजन हिरवा दिसतो, आणि २०० च्या वर तोच ऑक्सिजन तांबडा. खालच्या काठाला कधी कधी गुलाबी-जांभळी झाक, ती नायट्रोजनची.

आता अणू एकच तर रंग दोन का? हिरवा उजेड द्यायला धक्का बसलेल्या अणूला सेकंदभराच्या आत वेळ पुरतो, तांबडा द्यायला मात्र जवळपास दोन मिनिटं लागतात. खाली हवा दाट, दोन मिनिटांत कुणीतरी येऊन आदळतंच आणि उजेड द्यायचा राहून जातो. संध्याकाळी सहाला दादरच्या पुलावर दोन मिनिटं निवांत उभं राहून दाखव म्हणजे कळेल. वर हवा इतकी विरळ की बिचाऱ्याला कुणी धक्का मारत नाही, म्हणून तांबडा रंग फक्त वर.

तिरपा_कोन

काका माहिती उत्तम, पण जादूच्या कथेत ऑक्सिजन घुसवला की जादू गेली बाराच्या भावात. सावनीला काय नॅनोमीटर सांगणार का आता.

दुर्बीणवाला

तिला नको रे सांगू. लिहिणारीला माहीत असलं म्हणजे झालं. आई भाजीत काय घालते ते आपण खाताना विचारत नाही, पण तिला माहीत असतं ना.

बर्फातली_भाकरी

मी पाहिलाय! नॉर्वेत ट्रॉम्सोला राहते, तिसरं वर्ष चालू. इथे सप्टेंबर ते एप्रिलच्या सुरुवातीपर्यंत सीझन, उन्हाळ्यात रात्रच होत नाही तर दिसणार काय.

खरं सांगू का, पहिल्यांदा दिसला तेव्हा मला कळलंच नाही. राखाडी पांढुरका पट्टा, ढगच वाटला, मी म्हटलं चला आत, थंडी वाजतेय. नवऱ्याने मोबाइल धरला तर स्क्रीनवर हिरवागार! मी स्क्रीनकडे बघते, वर बघते, परत स्क्रीनकडे, हिरवं काही नाही वर. अंधारात आपल्या डोळ्यांना मंद उजेडाचा रंग कळत नाही, मांजर राखाडी दिसतं तसंच. फोटोत जे दिसतं ते कॅमेऱ्याने काही सेकंद उघडं राहून गोळा केलेलं असतं. इतका पचका झाला की काय सांगू, तिकडे आईला फोन करून सांगितलं होतं की बघते हं आज.

मग पुढच्या मार्चमधे एकदा मी कचऱ्याची पिशवी टाकायला खाली गेले, अंगात घरातलाच स्वेटर, हातमोजे नाहीत, आणि डोक्यावर बरोब्बर मधे तो आला. तेव्हा डोळ्यांनाही हिरवा. खालच्या कडेला गुलाबी किनार आणि ती किनार धावत होती. निऱ्या घालताना अर्धी साडी हातातून सटकली की कशी एकामागोमाग एक निरी उलगडत जाते, तस्सं, पूर्ण आभाळभर. समोरच्या गाड्यांवरचा बर्फ हिरवट झालेला. शेजारच्या आजी कुत्रा घेऊन चालल्या होत्या, त्यांनी वरती बघितलं पण नाही, मला म्हणाल्या पिशवी चुकीच्या डब्यात टाकतेयस. पाच-सात मिनिटांत सगळं विझून परत तो राखाडी धूर. बोटं इतकी बधिर झाली होती की पिशवी सोडता येईना.

कुरडई

कचऱ्याच्या पिशवीने मला संपवलं. ताई हे मी चोरणार आहे हं, पिशवी नाही पण आधी राखाडी दिसतो हे. म्हणजे माझ्या जगात तो रोज असतोच, कुणी लक्ष देत नाही, धूर म्हणून सोडून देतात, आणि एखाद्या रात्री रंगतो. आणि त्या आजी पण पाहिजेत मला.

तिरपा_कोन

आता जरा बरं चाललंय.

अलिबागकर_७

हा धागा वाचून राहवलं नाही म्हणून लॉगिन केलं, पासवर्ड विसरलो होतो. मंडळी, ट्रॉम्सोला जायची गरज नाही, अरोरा मुंबईतून दिसलेला आहे! ४ फेब्रुवारी १८७२, रविवार. त्या वेळच्या इंग्रजी वर्तमानपत्रात बातमी आहे की सूर्यास्तानंतर अंधुक दिसायला लागला, रंग बदलत राहिला आणि पहाटे तीनच्या सुमारास गडद जांभळा झाला, सोमवारी सूर्य उगवेपर्यंत दिसत होता. एडनहून मुंबईला येणाऱ्या समुद्राखालच्या तारेवर त्या काळात गोंधळ उडाला होता. कल्पना करा, मुंबईत तेव्हा गॅसचे दिवे असतील थोडे, बाकी काळोख, आणि मलबार हिलवरून कुणीतरी बघतंय.

त्याच्या आधीचं, १८५९ चं सौरवादळ (सूर्याकडून येणारा तो कणांचा वारा एकदम जोरात सुटतो ते) तर जगातलं सगळ्यात गाजलेलं. त्या वेळी कुलाब्याच्या वेधशाळेत चुंबकाच्या नोंदी ठेवत होते. २ सप्टेंबरला त्यांची सुई जी काही पडली, साधारण १६०० नॅनोटेस्ला (चुंबकीय क्षेत्र मोजायचं एकक), त्या नोंदीचा आजही जगभरचे शास्त्रज्ञ अभ्यास करतात.

आणि आमचं अलिबाग यात कुठे येतं तर मुंबईत घोड्याच्या ट्राम जाऊन विजेच्या ट्राम येणार असं ठरलं, विजेने चुंबकाच्या नोंदी बिघडल्या असत्या, म्हणून नानाभाई मूस यांच्या कारकिर्दीत, कुलाबा वेधशाळेचे ते पहिले भारतीय संचालक, हे चुंबकाचं काम अलिबागला हलवलं. १९०४ पासून इथे नोंदी चालू आहेत. इमारतीला पोरबंदरचा दगड वापरला कारण त्यात चुंबकीय गुण नाही. लहानपणी आम्ही त्या कंपाउंडबाहेरून किल्ल्याकडे जायचो, मला वाटायचं आत भूत ठेवलंय म्हणून एवढी शांतता.

डाइस_पाडणारा

थांबा थांबा. उजेड येतो तेव्हा चुंबकाची सुई हलते?? हे खरंय?

दुर्बीणवाला

खरंय. १७४१ साली स्वीडनमधे उप्सालाला हे लक्षात आलं, सेल्सिअस आणि त्याचा सहकारी हिऑर्टर. सेल्सिअस म्हणजे तोच, तापमानवाला. आभाळात उजेड आणि टेबलावरची सुई थरथरतेय. मधे जोडणारं काहीच दिसत नाही. जादू म्हणतात ती यापेक्षा वेगळी काय असते सांगा.

तिरपा_कोन

मान्य. हे वापरा. काळीखाडीच्या बंदरात एक म्हातारा तांडेल, त्याच्या होकायंत्राची सुई थरथरली की तो जेवायचं थांबतो. बास. एवढंच लिहा, समजावून सांगू नका.

मालवणी_मासो

आमच्याकडे समुद्रात उजेड दिसतो की, आभाळात कशाला बघताय. काळोख्या रात्री होडीचं वल्हं मारलं की पाणी निळं पेटतं, जाळं ओढलं की जाळ्याच्या गाठीगाठीत उजेड. त्याला कारण बारीक जीव असतात म्हणे पाण्यातले. आजोबा सांगायचे की मासा पळाला की त्याची रेघ दिसते, त्या रेघेवरून मासा ओळखायचा. तुझ्या तांडेलाला हे पण दे. वर उजेड, खाली उजेड, मधे तो.

पेन्सिलचोर

भंडारदऱ्याचे काजवे विसरू नका!! मे संपता संपता, पहिल्या पावसाच्या आधी, हिरड्या-बेहड्याच्या झाडावर एकदम लागतात एकदम विझतात.

दुर्बीणवाला

काजवे छान, पण विषय आभाळाचा आहे. आभाळातलंच हवं तर इथल्या इथे दिसणारी एक गोष्ट आहे, खोटी पहाट. सप्टेंबर-ऑक्टोबरमधे अमावास्येच्या आसपास, शहरापासून लांब, खरं उजाडायच्या बरंच आधी पूर्वेला एक पांढुरका तिरका उंच त्रिकोण उभा राहतो. सूर्याभोवती पसरलेल्या धुळीवर पडलेला उन्हाचा उजेड तो. आमच्या गटातल्या एका पोराने हरिश्चंद्रगडावर तो बघून सगळ्यांना उठवलं, चहा टाकला, आणि मग दीड तास काळोखात कुडकुडत बसलो आम्ही. अजून त्याला चहावाला म्हणतात.

१८५९ ला हेच झालं होतं, मोठ्या प्रमाणावर. अमेरिकेत रॉकी पर्वतात सोनं शोधणारे मजूर मध्यरात्री उठून नाश्ता करायला लागले, त्यांना वाटलं उजाडलं. टेलिग्राफवाल्यांनी बॅटऱ्या काढून ठेवल्या आणि तारेत आभाळातून आलेल्या विजेवरच बोस्टन ते पोर्टलंड निरोप पाठवले.

कुरडई

बापरे, मला वहीच घ्यावी लागली. पण एक शंका आहे काका. हिरवा खाली आणि तांबडा वर म्हणालात. मग लांबून बघणाऱ्याला काय दिसेल? मागे लडाखचे फोटो आले होते, हानलेचे, त्यात हिरवं काहीच नव्हतं, नुसतं लाल होतं क्षितिजावर.

दुर्बीणवाला

शाब्बास! हाच प्रश्न कुणीतरी विचारावा म्हणून मी थांबलो होतो.

१० आणि ११ मे २०२४ च्या रात्री मोठं सौरवादळ आलं तेव्हा हानलेच्या वेधशाळेतून उत्तरेला क्षितिजालगत लाल उजेड टिपला होता. पृथ्वी गोल आहे. लांबून बघताना खालचा भाग क्षितिजाआड जातो आणि फक्त वरचा दिसतो. वर काय आहे? तांबडं.

गणित पण करून देतो, कागदावरच केलंय. ११० किलोमीटर उंचीवरचा हिरवा उजेड जास्तीत जास्त साधारण १२०० किलोमीटरवरून दिसेल, त्यापुढे क्षितिजाखाली. ४०० किलोमीटरवरचा तांबडा मात्र २२०० किलोमीटरपर्यंत दिसू शकतो. म्हणजे १२०० ते २२०० मधे जो कोणी राहतो त्याला हिरवा कधीच दिसणार नाही. जन्मात नाही. त्याच्यासाठी हा उजेड लालच.

तुझ्या जगाचा आकार पृथ्वीएवढा धरला तर हं. लहान गोळा घेतलास तर आकडे बदलतील, सांग, करून देईन.

बर्फातली_भाकरी

अरे हो! आम्हाला इथे डोक्यावर हिरवा पडदा आणि त्याच रात्री खाली कुठेतरी कुणीतरी क्षितिजावर लाल डाग बघतंय. दोघं फोनवर बोलले तर भांडतील, की तू पाहिलंस ते वेगळंच काहीतरी.

तिरपा_कोन

कुरडई, गोष्ट सापडली तुम्हाला. हिवरखंडवाल्यांना हिरवा, काळीखाडीवाल्यांना लाल. एकच उजेड. दोन्हीकडच्यांना दुसऱ्यांचं खोटं वाटतं.

कुरडई

अंगावर काटा आला. खरंच. मी चार महिने झगडतेय आणि हे समोरच होतं. आणि ऐका, काळीखाडीवाले कुंभार आहेत! रात्री लांबून आवा (मडकी भाजायची भट्टी) पेटलेला कसा दिसतो, ज्वाळा नाहीत, नुसती लाल धग वर आभाळात. आमच्या आजोळी गावाबाहेर कुंभार आवा लावायचे, शेणी आणि भुश्शाचा, रात्री गच्चीवरून दिसायचं. तर काळीखाडीची माणसं म्हणणार "उत्तरेला आवा लागला". कुणाचा आवा? देवाचा. देव नवीन माणसं भाजतोय. किंवा कच्ची राहिलेली परत भाजतोय.

डाइस_पाडणारा

ताई "कच्ची राहिलेली परत भाजतोय" हे मी शनिवारी वापरतोय, परवानगी गृहीत धरलीये.

अलिबागकर_७

आग समजणं तर इतिहासात झालेलंच आहे. रोमन लेखक सेनेकाने लिहून ठेवलंय की टायबेरियस बादशहाच्या काळात आभाळ असं लाल झालं की ओस्टिया बंदर पेटलं समजून सैनिक मदतीला धावले. जाऊन बघतात तर बंदर जागच्या जागी. आणि २५ जानेवारी १९३८ ला युरोपभर दिसला तेव्हा इंग्लंडमधे विंडसरचा राजवाडा पेटला म्हणून अग्निशामक दलाला बोलावलं. मधे १९०० वर्षं गेली, माणूस तोच.

तिरपा_कोन

मग सावनीनेही तसंच निघावं. उजेड बघायला कोण बैल जुंपून जातं? आग विझवायला जातात. वर तिचं कुणीतरी आहे, बहीण दिलीये तिकडे. लाल दिसलं, म्हणजे बहिणीचं गाव जळतंय. चला.

कुरडई

🙏🙏 कोन साहेब, तुम्ही कथा का लिहित नाही?

तिरपा_कोन

दुसऱ्याच्या सुधारता येतात.

मालवणी_मासो

पण नाव काय उजेडाचा? "दिव्य तेज" रद्द झाला ना.

बर्फातली_भाकरी

नाव लोकांच्या कामातून यायला पाहिजे. फिनलंडमधे याला "रेवोनतुलेत" म्हणतात, कोल्ह्याची आग. कोल्हा बर्फातून पळताना शेपटी घासतो आणि ठिणग्या उडतात अशी गोष्ट आहे. इथल्या मूळनिवासी सामी लोकांच्या भाषेतल्या शब्दाचा अर्थ तर ऐकू येणारा उजेड असा सांगतात. आणि इकडे लहान मुलांना सांगतात की त्याच्यासमोर शिट्टी वाजवू नका, खाली येऊन उचलून नेईल. आपल्याकडे रात्री शिट्टी वाजवली की साप येतो, इकडे हा येतो. आयांचं सगळीकडे सारखंच.

पेन्सिलचोर

मराठीत ध्रुवीय प्रकाश, मेरुज्योती वगैरे आहे की.

तिरपा_कोन

ते पाठ्यपुस्तकात. मेंढपाळ "मेरुज्योती" म्हणेल का? तो म्हणेल "घोंगडी झटकली". थंडीच्या रात्री काळोखात लोकरीची घोंगडी झटकली की बारीक ठिणग्या उडतात, पाहिल्यात कुणी? तेच आभाळात.

कुरडई

झालं. वर "घोंगडी", खाली "आवा". त्यांचे शब्दच एकमेकांना कळणार नाहीत. बहीण निरोप पाठवते की यंदा घोंगडी जोरात झटकली, मेंढ्या खूश, आणि इकडे आई कपाळ बडवतेय की आवा लागला.

डाइस_पाडणारा

ऐकू येणारा उजेड म्हणजे खरंच आवाज येतो का? मला गेमसाठी पाहिजे.

दुर्बीणवाला

फिनलंडमधल्या संशोधकांनी तडतड आवाज ध्वनिमुद्रित केलेत, पण तो येतो जमिनीपासून ७०-८० मीटरवरून असं त्यांचं मोजमाप. उजेड १०० किलोमीटर वर आणि आवाज झाडाच्या शेंड्याच्या थोडा वर. वाऱ्याविना गोठलेल्या रात्री. वापर बिनधास्त.

आणि कुरडई, जाता जाता अजून एक, पंचांगासाठी. सूर्य स्वतःभोवती फिरतो, पृथ्वीवरून बघता साधारण २७ दिवसांत एक फेरी. त्यामुळे सूर्यावरचा एखादा खोडकर भाग परत आपल्यासमोर आला की उजेड परत दिसण्याची शक्यता असते. त्यात ११ वर्षांचं मोठं चक्र वेगळं, आणि दिवस-रात्र सारखे असतात त्या सुमाराला, मार्च आणि सप्टेंबर-ऑक्टोबर, प्रमाण जास्त.

कुरडई

म्हणजे हिवरखंडवाले महिना चंद्रावर मोजणारच नाहीत, घोंगडीवर मोजतील! २७ दिवसांचा महिना. आणि काळीखाडीवाले पौर्णिमा-अमावास्येवर, भरती-ओहोटी आहे ना. दोन्हीकडच्या तारखा जुळणार नाहीत, बहिणीचं पत्र आलं की कुठल्या महिन्याचं ते भांडण. मस्त. पण याला एक ओळ पुरे, नाहीतर माझी कथा पंचांगच होईल.

दुर्बीणवाला

आता दुखरी गोष्ट. तू पहिल्या पोस्टमधे लिहिलंस की बैलगाडीने आठ दिवसांचा प्रवास. बैलगाडी दिवसाला किती जाते? भरलेली असेल तर २५-३० किलोमीटर धर. आठ दिवसांत दोन-सव्वादोनशे किलोमीटर. तेवढ्या अंतरावरून काळीखाडीला पण हिरवाच दिसणार, चांगला उंच. लालच दिसायला हवा तर बंदर निदान १५०० किलोमीटर लांब पाहिजे. म्हणजे ५० ते ६० दिवस. मुंबईहून निघून अमृतसरपर्यंत बैलगाडीने, असं समज.

कुरडई

अरे देवा. नकाशा परत काढावा लागणार. आणि मधल्या ५० दिवसांत काय करू मी तिचं?

तिरपा_कोन

तेच तर. वाटेत रंग बदलत जाईल ना हळूहळू. लाल डाग आधी क्षितिजावर. मग दर चार-पाच मुक्कामांनी थोडा वर चढतो. मग एका रात्री लालच्या खाली हिरवी कड निघते, आणि तिला कळत नाही की आग हिरवी कशी. तुमची सगळी कथा त्या ५० दिवसांतच आहे, वर पोचल्यावर काही उरत नाही.

बर्फातली_भाकरी

+१००. आणि पोचल्यावर बहीण कचऱ्याची पिशवी घेऊन उभी. 😄

अलिबागकर_७

त्या वाटेवर तो तांडेल नको का सोबत? होकायंत्रासकट. समुद्रावरचा माणूस पहिल्यांदाच जमिनीवर एवढा चालतोय.

कुरडई

तीन रात्री बसून परत लिहिलंय, पहिलाच परिच्छेद टाकते. सोलून काढा.

"सावनी आव्यावरची राख उकरत होती. मडकी अजून गरम, हाताला फडकं गुंडाळलेलं. तांडेलबाबा कट्ट्यावर भात खात बसला होता. त्याचा घास तोंडापाशी थांबला. मांडीजवळच्या डबीत सुई थरथरत होती, माशी बसल्यावर बैलाची कातडी थरथरते तशी. 'पोरी,' तो म्हणाला, 'आज अजून कुणी आवा लावलाय का?' तिने मान वर केली. कुंभारवाड्यात तर कुणीच नव्हता लावला. पण उत्तरेला, माळाच्या पार पलीकडे, जिकडे थोरलीला दिली होती तिकडे, आभाळाची कड भाजत होती."

पेन्सिलचोर

आईशप्पथ.

मालवणी_मासो

"आभाळाची कड भाजत होती". माझो नमस्कार घे गो बाय.

तिरपा_कोन

"माळाच्या पार पलीकडे" मधलं "पार" काढा. बाकी हात लावू नका.

दुर्बीणवाला

छान जमलंय. एकच, ती राख उकरतेय, आव्याची धग समोर आहे, तर तिचे डोळे अंधाराला सरावलेले नसणार. मान वर केल्यावर लगेच दिसणार नाही, काही मिनिटं लागतील. तेवढ्यात तांडेलाला अजून एक वाक्य बोलू दे.

कुरडई

काका! बरोबर. आधी तिला काहीच दिसत नाही, तांडेलालाच दिसतंय, ती म्हणते बाबा तुम्हाला म्हातारपणाचं दिसतंय. आणि मग दिसतं. करते.

"पार" काढला. आठचे पंचावन्न दिवस केले. बहिणीचं नाव ठेवलं राधी.

अलिबागकर_७

पंचावन्न दिवस बैल चालणार म्हणजे पायातल्या पत्र्या (नाल) झिजणार हं. आमच्या चुलत्यांची गाडी होती, त्यांना विचारून सांगतोय, डांबरी नव्हे तरी दगडाळ रस्ता असेल तर वाटेत एकदा तरी बैल पाडून पत्र्या ठोकाव्या लागतील. पत्री मारणारा एक माणूस घाला मधे कुठेतरी.

कुरडई

घातला. दहाव्या दिवशी भेटतो, बैलाचा पाय धरून बसलाय, आणि तोच तिला पहिल्यांदा सांगतो की वर गेलीस की ते हिरवं दिसतं. ती त्याला वेड्यात काढते.